उत्तरेस चिंधू, दक्षिणेस कौशल्याबाई

१२ जुलै २००४, सोमवार

स्टे मिळाला. पुढच्या तारखेपर्यंत.

भैयाजी वकिलांनी कागद हातात दिला आणि म्हणाले, "झेरॉक्स काढा. एक अंगावर ठेवत जा." एक खिशात आहे, एक पेटीत, एक मुलाला, धनंजयला, नागपूरला पाठवणार. तरी जीव थाऱ्यावर नाही.

कागदात असं आहे की वादी महादेव यास नगरपरिषदेने कायदेशीर प्रक्रियेशिवाय वादजागेवरून हटवू नये. वादी म्हणजे मी. वादजागा म्हणजे कापसाच्या जुन्या जिनिंगच्या भिंतीला ठोकलेले माझे खिळे, खिळ्यांना टांगलेले कासरे, दावी, म्होरक्या, घुंगरांच्या माळा — बैलांचं सगळं सामान — आणि खाली अंथरलेलं पोतं. एवढ्याला कोर्ट जागा म्हणतं. मी आजवर दुकानसुद्धा म्हणत नव्हतो. बैठक म्हणत होतो.

खाली चतुःसीमा आहे. पूर्वेस बसस्टँडकडे जाणारा डांबरी रस्ता. पश्चिमेस जिनिंगची भिंत. उत्तरेस चिंधू याचे सायकल पंक्चरचे दुकान. दक्षिणेस कौशल्याबाई हिचे बांगड्यांचे दुकान. भैयाजींनी विचारलं आणि मी सांगितलं, तसंच टाइप झालं. वडनेरला थोरल्या भावाच्या नावावर शेत आहे, त्याच्या कागदात असंच आहे — उत्तरेस अमक्याचे शेत, दक्षिणेस तमक्याचे. माझ्या वाट्याला शेत आलं नाही. चार बाजू मात्र आल्या, म्हातारपणी. वाचताना बरं वाटलं. खोटं कशाला लिहू?

भैयाजी म्हणाले, बैठकीवर काय होतं ते तारखेवार लिहून ठेवत जा, साक्षीच्या वेळी कामी येईल. शाळा सातवीत सुटली. अक्षर तेव्हाचंच आहे.

१३ जुलै

दोघांना कागद दाखवला. त्यांचं नाव आहे म्हणून.

चिंधू म्हणाला, "वा मामाजी, मले न इचारता कोर्टात उभं केलं की." आणि हवा भरत राहिला.

कौशल्याबाईनं कागद हातात घेतला नाही. लांबूनच म्हणाली, "कोर्टाचा जावई बसला बाप्पा माह्या बाजूले. आता पोतं झाडताना धूळ इकडं आली तरी बोलता येत नाई."

दावा लावायच्या आधी मी दोघांना विचारलं होतं. तिघांनी मिळून लावू म्हटलं होतं. चिंधू म्हणाला होता, "मले काय जी, पंप हातात घेतला की झालं दुकान. आज उठवलं तं उद्या बसू." आणि ती म्हणाली होती, "माह्या नवऱ्यानं भावाशी कोर्टात भांडून घर घालवलं. मी त्या पायऱ्या चढत नाई." म्हणून मी एकट्यानं लावला. हे इथं लिहून ठेवतो. उद्या कोणी काही म्हणू नये.

१६ जुलै

लघवीला उठायचीही भीती वाटते. वाटतं, परत येईन तर खिळे उपटलेले असतील.

२८ जुलै, बुधवार

आले.

नगरपरिषदेचा ट्रॅक्टर, मागे ट्रॉली, अतिक्रमण खात्याचा नत्थूजी पुढे. मी कागद दोन्ही हातांनी धरून उभा राहिलो. नत्थूजीनं ओठ हलवत सगळा वाचला, चतुःसीमेसकट. मग घडी करून परत दिला. "बसा जी तुमी. तुमाले कोण उठवते?"

आणि मग एक माणूस माझ्या उजवीकडे गेला, एक डावीकडे.

चिंधूची पाण्याची घमेली, पान्यांची पेटी, टायरं — सगळं ट्रॉलीत. कौशल्याबाईच्या बांगड्यांची लाकडी पेटी दोघांनी उचलली तेव्हा ती म्हणत होती, "हळू रे बाबू, काच हाये, काच हाये." त्यांनी फेकली नाही. पण ठेवलीही नाही. आवाज झाला तसा रस्त्यावरच्या बायाही थांबल्या.

माझ्या एका दोराला कोणी हात लावला नाही. मी मधे उभा. खरं सांगायचं तर आधी बरंच वाटलं. मग तिनं खाली बसून तुकडे गोळा करायला सुरुवात केली, पदरात. माझ्याकडे न पाहता म्हणाली, "चांगला हाये तुमचा कागद. मोजून वाचवते."

मी काय करायला पाहिजे होतं? माझ्या कागदात मीच आहे. तिला दोनदा विचारलं होतं.

५ ऑगस्ट

कौशल्याबाई परत बसली. पेटी नाही, खाली चादर आणि चार-पाच डझनांचा माल. चिंधू नाही. कोणी सांगतं तो जामला गेला, हायवेच्या चौकात. तिथं ट्रकांचं काम असतं.

डावीकडे आता मोकळं आहे. एक मोटरसायकलवाला गाडी लावून जातो. त्याला म्हटलं, इथं चिंधूचं दुकान आहे. तो म्हणाला, "कुठं हाये?"

१९ ऑगस्ट, गुरुवार

तारीख होती. नगरपरिषदेचा वकील उठला आणि म्हणाला, वादीने जी जागा लिहिली आहे ती जागाच अस्तित्वात नाही. उत्तरेस चिंधूचे दुकान म्हटले आहे. तिथे दुकान नाही. म्हणजे वादी दुसऱ्याच ठिकाणी बसतो आणि स्टेचा फायदा घेतो.

मला वाटलं भैयाजी चिडतील. ते कान खाजवत राहिले. ज्यांनी दुकान उचलून नेलं तेच म्हणतात दुकान नाही! हे मी मोठ्यानं बोललो असेन. जज्ज साहेबांनी वर पाहिलं. भैयाजींनी माझा सदरा ओढून खाली बसवलं.

बाहेर आल्यावर म्हणाले, "महादेवराव, मी चतुःसीमा इचारली तवा खांब सांगाचा, नाली सांगाची, नळ सांगाचा. माणसं कायले सांगितली? माणूस उठून जाते."

"शेताच्या कागदात माणसंच असतात," मी म्हटलं.

"शेत उठून जात नाई, महादेवराव."

मग त्यांनी मला सगळं समजावलं, पानटपरीपाशी. वरच्या कोर्टानं म्हटलं आहे की रस्त्यावर धंदा करायचा माणसाला हक्क आहे. पण हीच जागा पाहिजे असा हक्क नाही. मी विचारलं, मग मी दोर हवेत टांगू का? ते म्हणाले, दिल्लीहून यंदा नवीन धोरण आलं आहे, पथविक्रेत्यांना उठवायचं तर आधी नोटीस द्या, दुसरी जागा द्या. मी म्हटलं, मग तेच दाखवा साहेबांना. ते म्हणाले, धोरण म्हणजे कायदा नाही. मी म्हटलं, मग धोरण म्हणजे काय? तेवढ्यात त्यांना दुसरा पक्षकार भेटला.

आता कोर्टाचा कमिशनर येऊन जागा पाहणार आहे. तेव्हा चारही बाजू जागेवर दिसल्या पाहिजेत.

२२ ऑगस्ट, रविवार

जामला गेलो. बसनं, उभ्यानं.

चिंधू चौकात एका ढाब्याच्या बाजूला ट्रकचं चाक खोलत होता. अंग काळं झालेलं, पण खुशीत. चहा पाजला. म्हणाला, "इथं बरं हाये मामाजी. सायकलचं पंक्चर काढून कोणाचं घर भरलं?"

मी सांगितलं, परत ये. तुझ्यावाचून माझी उत्तर बाजू उघडी पडली आहे.

तो खूप हसला. ढाब्यावरच्या माणसालाही सांगितलं. "तुमच्या कागदात उभं राह्याची मजुरी कोण देईन मले?" मग माझं तोंड पाहून म्हणाला, "बरं, कमिशनर येईन त्या दिवशी येतो. एक दिवस. पाहुण्यासारखा."

माझ्या बहिणीच्या नात्यातला आहे म्हणून आला असेल कबूल. नाहीतर कोण येतं?

२ सप्टेंबर, गुरुवार

लिहवत नाही. तरी लिहितो.

चिंधू सकाळच्या बसनं आला, पंप घेऊन, एक फुटकं घमेलंही आणलं. बसला आपल्या जागेवर. अगदी पहिल्यासारखं दिसत होतं. कौशल्याबाई म्हणाली, "आज जत्रा हाये का जी? जुनी माणसं जमून राह्यली." पण तिनंही चादर सरळ केली, बांगड्या ओळीत लावल्या. सांगितलं नव्हतं मी.

कमिशनर म्हणजे एक तरुण वकील. टेप लावून मोजलं, भिंत पाहिली, रस्ता पाहिला, बाईला नाव विचारलं. मग चिंधूकडे गेले.

"तुम्ही रोज इथेच बसता?"

"हो जी."

"कधीपासून?"

"लई वर्षं झाली. रोज जामवरून येतो."

काय सुचलं त्याला! खरं बोलायची सवय नाही तर खोटं तरी नीट बोलावं. त्याला वाटलं, लांबून येतो म्हटलं की साहेबाला कष्ट दिसतील. कमिशनरांनी विचारलं, रोज जामहून इथे येऊन पंक्चर काढता? चिंधू म्हणाला, "नाई जी, पंक्चर तं तिथं काढतो."

कमिशनरांनी ते लिहिलं.

ते गेल्यावर कौशल्याबाई तोंडावर पदर धरून हसत होती. डोळ्यांतून पाणी येईस्तोवर. मीही हसलो असतो, दुसऱ्याची जागा असती तर. चिंधू विचारत होता, "काऊन हसता? चुकलो का मी?" त्याला बसचं भाडं दिलं आणि पाठवून दिलं.

३ सप्टेंबर

पोट बिघडलं. दिवसभर घरी. बैठक कौशल्याबाईच्या भरवशावर टाकली. दुसरं कोण होतं?

८ सप्टेंबर

पोळा जवळ आला. थोडी विक्री आहे. वडनेरकडचे लोक अजून अंबाडीचा दोर हातात घेऊन पिळून पाहतात, मग नायलॉनचा घेतात. एकानं विचारलं, बुवा, ट्रॅक्टरले बांधाले काही हाये का? सगळे हसले.

मी घरी होतो त्या दिवशी बाईनं तीन कासरे आणि एक माळ विकली होती. पैसे रुमालात बांधून दिले. भाव मी सांगतो त्याच्यापेक्षा जास्त लावला होता. "तुमाले मांगता येत नाई. मांगताना तुमचं तोंड रडकं होते."

माझं तोंड रडकं आहे हे मला हिच्याकडून कळायचं होतं.

२९ सप्टेंबर

तारीख वाढली. स्टे वाढला. भैयाजी म्हणतात, कमिशनरचा रिपोर्ट आपल्या बाजूचा नाही, पण निवडणूक आहे तोवर कोणी हात लावणार नाही. सध्या सगळे नमस्कार करतात. नत्थूजीसुद्धा.

१८ ऑक्टोबर, सोमवार

निवडणूक झाली. नमस्कार बंद.

हिरालाल शेठ आज स्वतः आले. जिनिंग त्यांनी घेऊन ठेवली आहे, भिंतीच्या आत दुकानांचे गाळे बांधून तयार आहेत. भिंत पाडली की शटर रस्त्यावर उघडतील. भिंत पाडायला आम्ही उठलो पाहिजे. हे साऱ्या गावाला माहीत आहे, पण शेठ कधी तोंडानं बोलले नव्हते.

आज पोत्याच्या कडेला उभे राहून म्हणाले, "महादेवभाऊ, तुमचा माल म्हणजे गावाचा माल. हमारे घर के बैल भी आपही की रस्सी से बंधे. पण आता समजून घ्या, मोबाइलच्या दुकानासमोर बैलाची वेसण बरी दिसत नाही." रागानं बोलले असते तर बरं झालं असतं. मला रागाशी बोलता येतं.

कौशल्याबाईला म्हणाले, "तुमचं काय, बाई?" ती म्हणाली, "माह्या बांगड्या मोबाइलवाल्याची बायकोही भरन, शेठजी."

२१ ऑक्टोबर

नत्थूजी आला. ट्रॅक्टर नाही, पोरं नाहीत. एकटा, हातात दोन चहा. एक मला दिला.

बैलबाजाराजवळ नगरपरिषदेनं ओटे बांधले आहेत. वर टिनाचं छप्पर, मागे कुलुपाची कोठी. त्यातला एक मला. "दोरवाल्याले बैलबाजाराहून चांगली जागा कोणती, सांगा बरं?" फक्त कोर्टात तडजोडीवर सही करायची की वादी स्वखुशीनं जागा सोडतो.

मी विचारलं, "बाजूच्या बाईलेही देता का?"

"तिचं मंग पाहू. तुमची गोष्ट येगळी हाये. तुमच्याजवळ स्टे हाये."

म्हणजे मला घाबरतात. निदान माझ्या कागदाला तरी. चहा गोड होता, उरलेला सांडून दिला. साखर वाढते.

२४ ऑक्टोबर, रविवार

धनंजयला पीसीओवरून फोन केला. तो म्हणाला, "बाबा, डोक्यावर छप्पर मिळून राह्यलं आणि तुम्ही विचार काय करता? सही करा आणि सुटा." सूनबाई रक्षा मागून म्हणत होती, "आणि कोर्टाचा खर्च बंद होईल म्हणावं." तिचं बोलणं मला ऐकू येतं हे तिला माहीत नसावं. किंवा असावं.

जाऊन ओटा पाहिला. चांगला आहे. सावली आहे. समोर बैल बांधलेले. एका माणसानं बसल्या बसल्या दावं मागितलं. जवळ एकही नव्हतं. इतकी वर्षं बसस्टँडच्या वाटेवर बैलांचं सामान विकलं, आणि बैल इकडे होते.

मग अजून काय पाहिजे? तरी मन मानत नाही. नत्थूजीनं चहा का पाजला?

१ नोव्हेंबर, सोमवार

कौशल्याबाईला सांगितलं. कधीतरी सांगायचंच होतं.

एका पोरीच्या हातात बांगड्या चढवत होती. थांबली नाही. पोरगी गेल्यावर म्हणाली, "कवा जाता?"

"पंचवीस तारखेला सही आहे."

"जा जी. बरंच हाये." मग विचारलं, "छप्पर टिनाचं का सिमेंटचं?"

"टिनाचं."

"उन्हाळ्यात तापन."

बस. एवढंच. मला वाटलं होतं भांडेल. आम्हाला टाकून चालले म्हणेल. मी उत्तरं तयार करून ठेवली होती — तुला दोनदा विचारलं होतं, तू पायऱ्या चढत नाही म्हणालीस, माझं वय पाहा. एकही कामी आलं नाही. इतकी वर्षं शेजारी बसलो. उन्हात, धुळीत, एकाच माठातलं पाणी. आणि बाई टिन की सिमेंट विचारते. शेजारी म्हणजे काय असतो मग, नुसता कागदावर लिहायला?

९ नोव्हेंबर

दिवाळी तोंडावर. तिच्याकडे बायांची गर्दी, माझ्याकडे कोणी नाही. एका बाईनं मुलाला माझ्या पोत्यावर बसवलं आणि स्वतः बांगड्या भरून घेतल्या. मुलानं घुंगराची माळ वाजवली. वाजवू दिली. आता थोडे दिवस आहेत.

१७ नोव्हेंबर

गेल्या दोन गुरुवारी कौशल्याबाई बसली नाही. चादर गुंडाळून ठेवते आणि जाते. कुठं जाते विचारलं तर म्हणाली, "गुडघ्याले औषध आणाले." दवाखाना बसस्टँडकडे आहे. ती कचेरीच्या वाटेनं गेली. म्हातारपणी माणूस खोटं कशाला बोलतो कोणास ठाऊक. तिनं सांगू नये, मी विचारू नये.

तिच्या मालावर मीच नजर ठेवली.

२३ नोव्हेंबर, मंगळवार

नत्थूजीनं ओट्याच्या कोठीची किल्ली दिली, सहीच्या आधीच. म्हणाला, "भरवसा हाये तुमच्यावर." भैयाजींनाही आश्चर्य वाटलं. म्हणाले, "नगरपरिषद इतकी घाईत मी कधी पाह्यली नाई. पण तुमची केस पडकी हाये, महादेवराव. रिपोर्ट विरोधात हाये. घ्या, सोडू नका."

भिंतीचे खिळे काढायला गेलो. दोनच निघाले. बाकीचे गंजून आत बसले आहेत. राहू दे. पडतील भिंतीबरोबर.

कौशल्याबाईनं विचारलं, "पोतं नेता का ठेवता?" मी म्हटलं, ठेवतो. ती म्हणाली, "ठेवा मंग."

२५ नोव्हेंबर, गुरुवार

सही केली नाही. भैयाजी रागावले. धनंजयला अजून कळवलेलं नाही. बाकी उद्या लिहितो.

२६ नोव्हेंबर, शुक्रवार

काल माझ्याआधी कौशल्याबाईच्या नावाचा पुकारा झाला. मला वाटलं दुसरी कोणी असेल. तीच होती. डोक्यावर पदर, पायात चप्पल नाही, माझ्याकडे पाहिलंही नाही. तिनंही स्टे मागितला आहे. तिच्या वकीलबाईंनी जागेची चतुःसीमा वाचली — पूर्वेस डांबरी रस्ता, पश्चिमेस जिनिंगची भिंत, दक्षिणेस नगरपरिषदेचा नळ, उत्तरेस महादेवराव दोरवाले यांची जागा. नगरपरिषदेचा वकील बसल्या बसल्याच म्हणाला, "उत्तरेची जागा आज रिकामी होते आहे, साहेब. पुढचंच प्रकरण आहे."

किल्ली नत्थूजीच्या टेबलावर ठेवून आलो. सकाळी उरलेल्या खिळ्यांना दोर टांगले.